खंदकात घसरून पडणारा शिपाई : जेफ्री मॅलिन्सच्या एका दृश्याचं प्रकरण

दृश्य जेमतेम काही सेकंदांचं आहे. खंदकाच्या भिंतीला खेटून ब्रिटिश शिपाई उभे आहेत. एकामागून एक ते वर चढतात आणि पलीकडे जाऊ लागतात. त्यांतला एक कडेपर्यंत पोचतो न पोचतो तोच त्याचं अंग सैल पडतं आणि तो घसरत खाली येतो. बाकीचे मागे न बघता निघून जातात. पहिल्या महायुद्धावरचा एखादा माहितीपट लावा, हा माणूस त्यात बहुतेक वेळा भेटतोच. शंभर वर्षांहून जास्त काळ तो असा घसरून पडतो आहे.

त्याला गोळी लागली नव्हती. त्याला पडायला सांगितलं होतं.

हे दृश्य 'द बॅटल ऑफ द सोम' या ऑगस्ट १९१६मध्ये प्रदर्शित झालेल्या चित्रपटातलं. चित्रण दोघांचं : जेफ्री मॅलिन्स आणि जे. बी. मॅकडॉवेल. सव्वा तासाच्या या चित्रपटात रचलेला भाग फार तर दीड-दोन मिनिटांचा. बाकीचं सगळं प्रत्यक्ष आघाडीवर, खऱ्या तोफांच्या आवाजात टिपलेलं आहे. मग एवढ्याशा भागासाठी मॅलिन्सला खोटारडा म्हणायचं का? चित्रीकरण शिकणाऱ्या मुलांसमोर मी हे प्रकरण दरवर्षी ठेवतो आणि दरवर्षी वर्गात दोन तट पडतात. माझं स्वतःचं मत गेल्या काही वर्षांत बदललं आहे. ते का बदललं, हे सांगायचं तर १ जुलै १९१६ या, उत्तर फ्रान्समधल्या सोमच्या लढाईच्या पहिल्या सकाळपासूनच सुरुवात करावी लागेल.

त्याआधी हा माणूस कोण होता ते थोडक्यात. मॅलिन्सचा जन्म १८८६चा, इंग्लंडच्या दक्षिण किनाऱ्यावरच्या हेस्टिंग्जमधला. मूळ नाव आर्थर हर्बर्ट. जेफ्री हे त्याने नंतर घेतलं. सुरुवात फोटो स्टुडिओत, मग क्रॉयडनच्या क्लॅरेंडन या चित्रपट कंपनीत कॅमेरामन म्हणून कथापटांवर काम, मग गोमाँ कंपनीसाठी बातमीपटांचं. १९१४मध्ये युद्ध पेटल्यावर तो कॅमेरा घेऊन बेल्जियमला गेला. ब्रिटिश सैन्य तेव्हा आघाडीवर कॅमेरा फिरकू देत नव्हतं. चित्रपट व्यवसायातल्या कंपन्यांनी एकत्र येऊन युद्ध खात्याशी बोलणी केली आणि नोव्हेंबर १९१५मध्ये दोन अधिकृत कॅमेरामन फ्रान्सला गेले : मॅलिन्स आणि एडवर्ड टाँग. १९१६च्या सुरुवातीला आलेल्या त्या पहिल्या मालिकेत फ्रान्समधल्या हिंदी पलटणींवरचाही एक लघुपट होता. या सगळ्या लघुपटांत पलटणींच्या हालचाली होत्या, तोफा होत्या, चिखल होता. प्रत्यक्ष लढाई नव्हती. लोकांना मात्र तीच बघायची होती, कारण घरटी कुणी ना कुणी तिकडे गेलेलं होतं.

आता त्याच्या हातातल्या यंत्राबद्दल. ते नीट कळलं नाही तर हे प्रकरण कळत नाही.

मॅलिन्सकडे मॉय अँड बॅस्टी कंपनीचा कॅमेरा होता. लाकडी पेटी, खाली तिपाई, बाजूला दांडा. आपले दादासाहेब फाळके १९१२मध्ये लंडनहून विल्यमसनचा कॅमेरा घेऊन आले, तोही असाच हाताने फिरवायचा. सेकंदाला दोन फेरे, म्हणजे सोळा चौकटी, म्हणजे बरोबर एक फूट फिल्म. साधारण ४०० फुटांचं रीळ असेल, तर पावणेसात मिनिटांत ते संपणार. मग पेटी उघडून दुसरं भरायचं. गोळ्या चालू असोत वा नसोत, हाताचा वेग बदलून चालत नाही. हात घाबरला तर चित्र पळतं. दूरचं जवळ आणणारी आजच्यासारखी भिंगं हाताशी नव्हती. फिल्म इतकी मंद की अंधूक उजेडात फारसं काही उमटायचं नाही. तिपाईवरची ही पेटी खंदकाच्या कडेवरून वर काढली की पलीकडच्या बंदूकधाऱ्यासाठी ते आयतं लक्ष्य. धावत्या शिपायांबरोबर ती घेऊन धावणं केवळ अशक्य. थोडक्यात, चढाईचा क्षण जवळून, स्पष्ट टिपायचा तर कॅमेरा शत्रूच्या माऱ्यात उघड्यावर उभा करावा लागणार, आणि तिथे माणूस पावणेसात मिनिटं काय, पावणेसात सेकंदही टिकला नसता.

आता १ जुलै १९१६ची सकाळ. उत्तर फ्रान्समधलं बोमाँ-हामेल हे गाव जर्मनांच्या ताब्यात, समोर ब्रिटिश २९वी डिव्हिजन. टाँग आजारी पडून परतला होता. त्याच्या जागी आलेला मॅकडॉवेल दक्षिणेला फ्रिकूर-मामेत्सच्या बाजूला होता आणि मॅलिन्स इकडे. खणलेल्या पांढऱ्या खडूमातीमुळे शिपायांनी इथल्या खंदकांना 'व्हाइट सिटी' नाव दिलं होतं.

पहाटे मॅलिन्स दोन्ही सैन्यांच्या मधल्या ओसाड पट्टीत गेला. तिथे जमिनीत खचलेला एक जुना गाडीरस्ता होता. ब्रिटिशांनी खालून भुयार काढून तो आपल्या बाजूशी जोडला होता. त्या भुयारातून कॅमेरा ओढत तो त्या खोलगट रस्त्यात पोचला. तिथे लँकेशायर फ्युझिलियर्स या ब्रिटिश पलटणीच्या पहिल्या बटालियनचे जवान हल्ल्याची वाट बघत दरडीला टेकून बसले होते. मॅलिन्सने त्यांना टिपलं. काहीजण आपसांत बोलताहेत, काहीजण थेट कॅमेऱ्याकडे टक लावून बघताहेत. मला विचाराल तर जगाच्या माहितीपटांच्या इतिहासातलं यापेक्षा जड चित्रण मी पाहिलेलं नाही. थोड्याच वेळाने हे लोक त्या दरडीवरून वर चढले आणि समोरच्या मशीनगनच्या तोंडी गेले. त्यांतले कितीतरी परत आले नाहीत.

तिथून मॅलिन्स मागे आला, कारण त्याला सुरुंग टिपायचा होता. हॉथॉर्न टेकाडाखाली ४०,६०० पौंड, म्हणजे १८ टनांहून जास्त अमोनल हे स्फोटक भरून ठेवलं होतं. हल्ल्याची वेळ साडेसात, सुरुंगाची सात वीस. मॅलिन्सने आपल्या आठवणींत ही मिनिटं फार बारकाईने सांगितली आहेत. नेमका क्षण हुकू नये म्हणून तो थोडा आधीच दांडा फिरवायला लागतो. काहीच होत नाही. सेकंदाला एक फूट फिल्म निघून चालली आहे. स्फोटाआधीच रीळ संपलं तर? थांबावं तर नेमकं तेव्हाच उडेल. तो फिरवत राहतो. मग पायांखालची जमीन हलते, टेकाड फुगतं, आणि माती आकाशात उभी राहते. जाणकार प्रेक्षकाला त्या चौकटीत सुरुंगाइतकाच मॅलिन्सचा हातही दिसतो. त्याची लय कुठेच तुटलेली नाही.

(सुरुंग दहा मिनिटं आधी उडवल्याने जर्मनांना आयती सूचना मिळाली आणि त्या भागातल्या माणसांची कत्तल झाली. तो निर्णय सेनापतींचा. मॅलिन्सच्या रिळात ही चूक नोंदली गेली आहे.)

त्यानंतर त्याने प्रत्यक्ष चढाईही टिपली, हे बऱ्याच जणांना ठाऊक नसतं. दूरच्या उतारावर बारीक ठिपके सरकताना दिसतात. ती माणसं आहेत. काही ठिपके थांबतात. एखाद्याने दाखवून दिलं नाही तर ते नजरेतून सुटतात. खरी चढाई पडद्यावर एवढीच दिसते.

त्या एका दिवसात ब्रिटिश सैन्याचे ५७,४७० जण मृत, जखमी किंवा बेपत्ता झाले. मेलेले १९,२४०. संध्याकाळपर्यंत मॅलिन्सने परत आलेल्यांची हजेरीही टिपली होती.

जुलैच्या दुसऱ्या आठवड्यात लंडनमध्ये ही रिळं बघितली गेली. सामग्री इतकी दमदार होती की तिचे नेहमीसारखे तुकडे न करता एकच मोठा चित्रपट करायचं ठरलं. संकलनाला मॅलिन्सच्या जोडीला चार्ल्स अर्बनसारखा चित्रपट व्यवसायात मुरलेला माणूस होता. कथनाचा क्रम सरळ होता : तयारी, तोफांचा मारा, सुरुंग, हल्ला, जखमी, कैदी, मृत. या साखळीतली हल्ल्याची कडीच ठिपक्यांएवढी निघाली. ज्याच्यासाठी लोक तिकीट काढणार तेच दिसत नव्हतं.

ती कडी मग बनवली गेली. सेंट-पोलजवळच्या मॉर्टार (उखळी तोफा) प्रशिक्षण शाळेच्या आवारात, आघाडीपासून बरंच मागे, जुलै महिन्यातच हे चित्रण झालं असं अभ्यासक मानतात. पुरावा दृश्यातच आहे. आम्ही वर्गात ते अगदी हळू चालवून बघतो. हल्ल्याला जाणाऱ्या शिपायाच्या अंगावर सामानाचं ओझं असतं. या शिपायांच्या पाठी मोकळ्या आहेत. काटेरी तारा नावापुरत्या. कॅमेरा अशा जागी उभा आहे की खऱ्या हल्ल्यात तिथे उभं राहणारा माणूस पहिल्याच मिनिटाला गेला असता. आणि पडलेल्यांपैकी एक 'मृत' शिपाई, पडून झाल्यावर, आरामात पायावर पाय घेतो. मुलं इथे दरवेळी हसतात. मला नाही हसू येत. त्या पोराला, कोण असेल तो, काही आठवड्यांनी खरंखुरं पडावं लागलं असण्याची शक्यता फार मोठी होती.

१० ऑगस्टला लंडनच्या स्काला थिएटरात खास खेळ झाला. २१ ऑगस्टपासून लंडनमधल्या ३४ चित्रपटगृहांत तो लागला, मग देशभर. सोमची लढाई तेव्हा चालूच होती. ती नोव्हेंबरपर्यंत चालली. पहिल्या सहा आठवड्यांत सुमारे दोन कोटी तिकिटं गेली, असा अंदाज सांगितला जातो, आणि देशाची लोकसंख्या होती साडेचार कोटींच्या आत. युद्धमंत्री लॉइड जॉर्ज यांचं पत्र खेळाआधी वाचून दाखवलं जाई. हे चित्र सगळ्यांपर्यंत पोचवणं तुमचं कर्तव्य आहे, असा त्याचा आशय. सगळ्यांनाच ते रुचलं असं नाही. डरॅमच्या कॅथीड्रलचे डीन, म्हणजे प्रमुख धर्मगुरू, हेन्स्ली हेन्सन यांनी शोकाकुल घरांच्या भावनांचा हा अपमान आहे, असं वर्तमानपत्रातून लिहिलं. एका चित्रपटगृहाने तर दारावर पाटी लावली की आम्ही हा चित्रपट दाखवणार नाही, ही जागा करमणुकीची आहे.

दुःखी माणसांनी मात्र तो बघितला. लॉइड जॉर्ज यांच्या सचिव फ्रान्सिस स्टीव्हन्सन यांचा भाऊ फ्रान्समध्ये मारला गेला होता. त्यांनी रोजनिशीत लिहिलं की भावाने काय सोसलं असेल याची कल्पना करायचा मी किती वेळा प्रयत्न केला, आता ते मला कळलं. ही नोंद वाचली की चित्रपटाच्या बाजूने बोलावंसं वाटतं.

दुसरी नोंद कादंबरीकार रायडर हॅगर्ड यांची, सप्टेंबरमधली. त्यांना सगळ्यात जास्त भिडलं ते खंदकातून चढणाऱ्या पलटणीचं आणि गोळी लागून मागे घसरणाऱ्या एका माणसाचं दृश्य. आवेशाने भरलेलं शरीर क्षणात निष्प्राण होतं, हे त्यांना भयंकर वाटलं. म्हणजे सव्वा तासाच्या अस्सल चित्रणातून एका जाणत्या लेखकाच्या मनात जे घर करून बसलं, ते नेमकं बनावट. खोलगट रस्त्यातले ते चेहरे बाजूला राहिले.

इथेच माझं मत फिरलं. आधी मी वर्गात मॅलिन्सची बाजू घ्यायचो. तांत्रिक मर्यादा होती, तो काळ तसा होता, आणि माहितीपटात काय चालतं काय नाही याचे नियम तेव्हा बनलेच नव्हते, असं म्हणायचो. यातलं काही चूक नाही. पण मी फक्त चित्रं बघत होतो. मूकपटात चित्रांच्या मध्ये पाट्या असतात, त्या मी गृहीत धरल्या होत्या.

चित्रपटात एका जागी एक शिपाई जखमी सोबत्याला पाठीवर घेऊन खंदकातून येतो. त्याचा चेहरा थेट आपल्याकडे. पाटी सांगते की माऱ्यातून सोबत्याला सोडवून आणलं आणि खंदकात पोचल्यावर ३० मिनिटांनी हा माणूस गेला. दृश्य खरं आहे. तो वाहून आणणारा शिपाई आमच्या घरचा, असं सांगणारी कितीतरी घरं आजवर पुढे आली आहेत.

आणि बनावट दृश्याआधीची पाटी काय सांगते? इशारा होताच १६ मैलांच्या संपूर्ण आघाडीवर ब्रिटिश सैनिक खंदकाच्या कडेवरून उड्या घेत शत्रूच्या प्रचंड माऱ्यात पुढे निघाले. तेच अक्षर, तीच काळी पार्श्वभूमी, तोच ठामपणा. एक पाटी साक्ष आहे, दुसरी तिच्याच कपड्यांत आलेली थाप. १९१६मध्ये मँचेस्टरच्या एखाद्या थिएटरात बसलेल्या आईला या दोन पाट्यांतला फरक कळायला कुठलाच मार्ग नव्हता. तिने ३० मिनिटांवर विश्वास ठेवला तसाच त्या घसरून पडणाऱ्यावरही ठेवला. शिपायांना पडायला सांगणं हा मला आता मोठा दोष वाटत नाही. सरावात हल्ला असाच दिसतो असं पाटीवर लिहिलं असतं, तर तेच चित्र प्रामाणिक ठरलं असतं. दोष त्या पाटीत आहे. आणि पाटी एकट्या मॅलिन्सची नव्हती. संकलन, व्यावसायिकांची समिती, सैन्याची तपासणी अशा सगळ्या हातांतून ती गेली आणि कुणी अडवली नाही.

हे मी इतक्या खात्रीने बोलतो त्याला एक कारण आहे. बऱ्याच वर्षांपूर्वी पाणीटंचाईवरच्या एका वार्तांकनासाठी मी कॅमेरा धरला होता. विहिरीच्या तळाशी उतरून वाटीने हंडा भरणाऱ्या एक मावशी होत्या. आम्ही पोचलो तेव्हा त्या वर आल्या होत्या. मी म्हटलं, "मावशी, एकदा परत उतराल का?" त्या काही न बोलता उतरल्या. त्या रोजच उतरत होत्या, त्यामुळे दृश्य खोटं नव्हतं, अशी मी मनाची समजूत घातली. प्रसारणात मात्र त्यावर त्या दिवसाची तारीख आणि सकाळची वेळ आली, जणू आम्ही त्यांच्याबरोबर पहाटेपासून होतो. ते मला तेव्हा खटकलं नव्हतं. सोमच्या पाट्या नीट वाचल्यावर खटकलं.

मॅलिन्सला दुसरं काय करता आलं असतं, हा प्रश्न मुलं विचारतात आणि तो योग्य आहे. उत्तर त्याच्याच रिळांत होतं. खोलगट रस्त्यातले चेहरे, मग सुरुंग, मग उतारावरचे ते ठिपके, आणि पाटीवर एवढंच : "मघाशी पाहिलेली माणसं ती हीच." मग थेट हजेरी. जवळून चढाई कुठेच नाही. मला खात्री वाटते की प्रेक्षकाने ती पोकळी स्वतःच्या माणसाने भरली असती. सैन्याला असा चित्रपट चालला असता का? कदाचित नसता. जे टिपता आलं नाही ते बनवून दाखवण्यापेक्षा जे टिपलंय तेवढ्यावरच थांबायला जास्त धीर लागतो, आणि ऑगस्ट १९१६मध्ये सरकारला लोकांचा धीर टिकवायचा होता, पारखायचा नव्हता.

पुढची कारकीर्द भराभर सांगतो. मॅलिन्सने १९१७मध्ये आलेल्या आंक्रच्या आणि आरासच्या लढाईवरच्या चित्रपटांचं चित्रण केलं. आंक्रच्या वेळी रणगाडे पडद्यावर आले. प्रकृती खालावल्याने तो आघाडीवरून परतला, ओबीई हा ब्रिटिश किताब मिळाला. १९२०मध्ये आलेल्या आठवणींच्या पुस्तकात त्याने मॅकडॉवेलच्या वाट्याचं श्रेय जवळजवळ गिळूनच टाकलं. मला हे पडणाऱ्या शिपायाइतकंच डाचतं. फ्रिकूर-मामेत्सकडची यश मिळालेली चढाई मॅकडॉवेलच्या कॅमेऱ्यात नसती, तर या चित्रपटाला विजयाचा रंग चढलाच नसता. नंतर मॅलिन्सने काही कथापट दिग्दर्शित केले, ते फारसे टिकले नाहीत. १९२२मध्ये तो विमानाने पृथ्वीप्रदक्षिणेच्या ब्रिटिश प्रयत्नात कॅमेरा घेऊन सामील झाला. कलकत्त्यात मोहिमेचा प्रमुख मेजर ब्लेक आजारी पडला. पुढे निघालेले नॉर्मन मॅकमिलन आणि मॅलिन्स बंगालच्या उपसागरात विमानासकट अडकले आणि पाण्यावर तरंगत राहिल्यानंतर कसेबसे वाचले. काही वर्षांनी तो एका सोबत्याबरोबर मोटारसायकलवरून जगप्रवासाला निघाला. दक्षिण आफ्रिकेत स्थायिक झाला आणि १९४०मध्ये तिथेच गेला.

चित्रपटाची प्रत लंडनच्या इंपीरियल वॉर म्युझियमने जपली. २००५मध्ये युनेस्कोच्या 'मेमरी ऑफ द वर्ल्ड' नोंदवहीत त्याचा समावेश झाला. बनावट भाग कुठला, हे आता संग्रहालय स्वतःच सांगतं. तरीही नव्या माहितीपटांच्या जाहिरातींत तोच घसरणारा शिपाई येतो, कुठल्याही पाटीशिवाय.

वर्गात मी ते दृश्य एकदाच दाखवतो. त्यानंतर खोलगट रस्त्याचं चित्रण आवाज बंद ठेवून लावतो आणि मुलांना म्हणतो, एकेका चेहऱ्याकडे बघा. डाव्या बाजूने सुरुवात करा, घाई करू नका.